खालच्या बांधीचं पाणी

परत आल्यापासून जो भेटतो तो आधी वाघाचं विचारतो, म्हणून तो विषय आधी संपवते. दिवाळीची सगळी सुट्टी मी चांदा जिल्ह्यात काढली आणि वाघ पाहिला नाही. एकदा गाडीवाटेच्या धुळीत त्याचा पंजा उमटलेला दिसला. आमच्या गाडीवानानं त्यावरूनच बैल हाकले आणि बिडी पेटवली. वाघाचं एवढंच. मी गेले होते ती धाकट्या भावासाठी.

आमचं घर सांगोल्याकडचं. तिथं पाऊस पाहुण्यासारखा येतो, तोही न जेवता जाणाऱ्या. दत्तू रस्त्याच्या कामावर मुकादम म्हणून धानोऱ्याच्या जंगलात गेला, काम संपलं तरी परत आला नाही. तिकडची मालगुजारी, म्हणजे जमीनदारी, गेल्यावर आरमोरीपासून काही कोसांवर, एका तलावाखाली, त्यानं थोडी धानाची जमीन घेतली आणि बायको-मुलीलाही तिकडं नेलं. आईचं म्हणणं असं की ज्वारीच्या माणसाला चिखल मानवत नाही. निघताना ती मला म्हणाली, "तू डोळ्यांनी बघ. बस्तान बसलं असलं तर राहू दे. नसलं तर तिघांना घेऊनच ये." खरं सांगायचं तर मीही मनातून त्यांना घेऊन येण्याच्याच बेतानं गाडीत बसले होते. इकडचं रान बघायला पुरुषमाणूस नाही आणि मी शाळा सोडू शकत नाही.

वडसा ते आरमोरी

नागपूरच्या पुढे लहान रुळांची गाडी आहे. ती पोचते, यापलीकडं तिच्याबद्दल काही बोलण्यासारखं नाही. वडशाला दत्तू उतरवून घ्यायला आला होता. काळा पडला होता, पण वाळला नव्हता. त्यानं वाकून नमस्कार केला तेव्हा माझं लक्ष त्याच्या पायांकडं गेलं. आमच्याकडं सगळ्यांच्या टाचांना भेगा असतात. त्याच्या टाचा लहान मुलासारख्या मऊ झाल्या होत्या आणि बोटांच्या बेचक्यांत चिखल्या होऊन कातडी पांढरी पडली होती.

"औषध लावतोस का?" मी विचारलं.

"मोहाचं तेल लावून राह्यलो," तो म्हणाला, आणि मग स्वतःच हसला. "बघ आक्का, तुझ्यासमोर बी त्यांच्यावानीच बोलतोय."

आरमोरीचा बाजार भरला होता. वाळलेल्या मासळीचे ढीग, बांबूच्या टोपल्या, आणि ओल्या गोणपाटावर काळेभोर उकडलेले शिंगाडे. आपल्याकडं शिंगाडा म्हणजे उपासाचं पीठ. तो तलावात वेलीला लागतो आणि त्याला शिंगं असतात हे मला मराठी पाचवीला शिकवताना ठाऊक होतं, पण दातांनी फोडून खाल्ला तो इथं. विकणारी बाई माझं लुगडं न्याहाळत होती.

"कुठच्या व बाई तुमी?"

"देशावरच्या. सांगोल्याकडच्या."

"तिकडं धान नाई पिकत म्हणते?"

"नाही. ज्वारी, बाजरी, हुलगे."

"मंग भात?"

"सणाला."

तिनं माझ्याकडं अशा काही मायेनं पाहिलं, जणू मी आजारीच आहे. आणि एक मूठ शिंगाडे जास्त टाकले.

तलावाखाली

गावाचं नाव आंबेटोला. एका बाजूला जंगल, एका बाजूला तलावाची मातीची पाळ, आणि पाळीच्या खाली पायऱ्यापायऱ्यांनी उतरत गेलेली शेतं. शेत म्हणजे आपल्यासारखं लांबरुंद नव्हे. प्रत्येक तुकड्याला चारी बाजूंनी वीतभर-हातभर उंचीचा मातीचा बांध, आत धान आणि पाणी. अशा एका तुकड्याला बांधी म्हणतात. दर बांधीला पाटाचं वेगळं पाणी नाही. तलावाच्या पाळीत खाली पाणी सोडायचं दार असतं, त्याला तुडूम म्हणतात. तुडूम उघडलं की पाणी वरच्या बांधीत येतं, ती भरली की बांधाला ठेवलेल्या तोंडातून दुसऱ्या बांधीत, तिथून तिसऱ्या. वरचा माणूस जेवून उठला की खालच्याच्या पानात वाढलं जातं, असा हिशेब.

दत्तूच्या बांध्या दुरूनच ओळखू आल्या. बाकीच्यांचे बांध वाकडेतिकडे, वर गवत आणि तुरीची झाडं. दत्तूचे सरळ, रुंद, बाहेरून दगड लावलेले. हे दगड त्यानं आणि अनसूयेनं जंगलाकडच्या टेकाडावरून डोक्यावर वाहून आणले होते. आमच्याकडं ओढ्याला आडवे असे दगडी बांध घालतात, त्यांना ताली म्हणतात. पावसाचा थेंब आपल्या रानाबाहेर जाऊ न देणं हीच आमच्याकडची शेती. आमच्या वडिलांचा जन्म ताली घालण्यात गेला.

"बाबांच्या हातचं वाटतंय," मी म्हणाले.

दत्तूचा चेहरा उजळला. "गावातली हसत्यात. म्हंत्यात, किल्ला बांधला काय."

घर नीटनेटकं होतं. अनसूया आमच्याकडं असताना चार शब्द बोलत नसे, इथं ती शेजारणीशी भांडताना ऐकली आणि मला बरं वाटलं. परसात तिनं हट्टानं वाफाभर शाळू पेरला होता. कणसं भरण्याआधीच पोपट येतात, त्यामुळे दरसाल ती पोपटांसाठीच शाळू पेरते असं दत्तूचं म्हणणं. मी नेलेल्या पिठाच्या तिनं दिवाळीदिवशी भाकरी केल्या. इतक्या हौसेनं थापल्या की पुरणपोळी असती तरी तेवढीच हौस लागली असती. सहा वर्षांच्या चंद्रीनं एक घास तोंडात घेतला आणि ताटाच्या कडेला काढून ठेवला.

"मले नाई पायजे. थे खरखरते. मले भात दे."

 अनसूयेनं भाकरी आपल्या पानात घेतली आणि लेकीला भात वाढला. मीही खाली मान घालून जेवत राहिले.

दुसऱ्या दिवशी मासे होते, बोटाएवढे, अख्खे. मी काटा घशात अडकवून घेतला. चंद्रीनं मला कोरड्या भाताचा गोळा न चावता गिळायला शिकवलं आणि काटा उतरल्यावर गावभर सांगून आली की आत्याला मासा खाता येत नाही.

हे सगळं चालू असताना माणसांच्या नजरा मात्र आभाळाकडं होत्या. हस्त कोरडा गेला होता. तलाव अर्ध्याच्याही खाली. मी म्हणाले, एवढं पाणी आमच्या तालुक्याला पुरेल. दत्तू म्हणाला, "पिण्याला पुरंल. धानाला न्हाय पुरत." भरभरून पाऊस पडणाऱ्या मुलखातही दुष्काळ असू शकतो हे मला नवीन होतं. आमचा दुष्काळ उघडा दिसतो. इकडचा हिरव्या रानात लपलेला असतो, वाकून धानाचं कणीस दाबून पाहिलं तर कळतो.

भागरताबाई

भाऊबीज झाली आणि दत्तू बांबू आणायला धानोऱ्याकडं गेला. नव्या कणग्या विणायच्या होत्या. दुसऱ्या सकाळी एक बाई अंगणात येऊन उभी राहिली. माझ्याच वयाची असेल. खांद्यावर ओलं जाळं, लुगड्याचा काचा गुडघ्यावर. ही भागरताबाई, तलावात मासे धरणाऱ्या ढिवरांच्या घरची. नवरा वारलेला, मुलगी सासरी. दत्तूच्या बांध्यांच्या खाली हिच्या चार लहान बांध्या आहेत.

"दत्तूभाऊ हाय का घरी?"

"धानोऱ्याला गेलेत," अनसूया म्हणाली.

"गेला. तोंड बुजवून गेला." मग ती माझ्याकडं वळली. "तुमी मोठ्या बहीण ना त्याच्या? मंग तुमालेच सांगतो." तिकडच्या बायकाही मी सांगतो, मी येतो, असंच बोलतात. "काल आमच्या बाजूची पाण्याची बारी होती. त्याच्यात पाणी आलं, माह्यात नाई आलं. धान दुधात हाय बाई. आता पाणी नाई भेटलं तं दाणा नाई भरत, नुसतं फोलपट होते. वर्षाचं खाणं हाय माहं."

"मग तुम्ही उघडून घ्यायचं होतं."

"मी काऊन उघडू?" ती शांतपणे म्हणाली. "ज्याचा बांध त्याचा हात. दुसऱ्याचा बांध फोडला तं मी चोर. अन् बुजवणाऱ्याले काय म्हणावं, त्याले आमच्यात शब्दच नाई."

अनसूयेनं मला आत बोलावलं. तिला ठाऊक होतं. आपण दोन दिवस गावात नसणार, ऊन कडक आहे, म्हणून दत्तूनं निघताना तोंड बंद केलं होतं.

"वन्सं, ते येईपर्यंत हात लावू नका. त्यांच्या बांधाला कुणी हात लावलेला त्यांना सोसायचं नाही."

तिची भीती मला समजत होती. आमच्याकडं बांधावरून भाऊ भावाचं डोकं फोडतो. पण बाहेर एक बाई उभी होती आणि तिचं वर्षाचं खाणं उन्हात वाळत होतं. दत्तू घरी नाही तर घरातली मोठी मी. मी कुदळ मागितली.

बांधावर गेल्यावर पाहिलं. वरच्या बांधीत घोटाभर पाणी, धान ओल्या पोपटी रंगाचं. बांधापलीकडं भागरताबाईच्या जमिनीला भेगा पडू लागलेल्या, आणि पानं सकाळीच सुरळीसारखी वळलेली. इतर लोक तोंड बंद करतात ते चिखलाच्या गोळ्यानं, लाथ मारली की उघडतं. दत्तूनं तिथं दगड बसवले होते, फटींत चिपा ठोकून, आमच्या तालीसारखे. मी चार घाव घातले आणि कुदळीचा दांडा मोडला.

भागरताबाई बांधावर बसून होती. हात लावायचा नाही म्हणजे नाही, पण तोंड मोकळं होतं.

"बाई, शाळेत पोरायलेबी असंच मारता का? मंग एकही पोरगं शिकत नसन."

"मुलं एवढी घट्ट नसतात."

"भाऊ तं घट्ट हाय."

शेवटी अनसूया आली. घरून पहार घेऊन आली होती. तिनं माझ्याकडं पाहिलं नाही. खाली वाकून एका दगडाच्या बुडाशी पहार घातली आणि म्हणाली, "हा काढला की बाकीचे येतील. लावताना मीच हातात दिला होता त्यांच्या." तिघी देशावरच्या बाया असतो तर तासभर रडलो असतो. दोघीच होतो आणि तिसरी ढिवरीण होती, म्हणून दगड निघाला.

पाणी मनगटाएवढ्या धारेनं वाहू लागलं. दुपारपर्यंत भागरताबाईच्या पहिल्या दोन बांध्या ओल्या झाल्या. खालच्या दोन तशाच राहिल्या. "ओठ भिजले," ती म्हणाली, "पोट बाकी हाय." आणि निघून गेली. संध्याकाळपर्यंत गावभर झालं की देशावरच्यानं पाण्याच्या तोंडात दगड घातला होता आणि तो काढायला पहार लागली.

पाळीवर

दुसऱ्या दिवशी दत्तू बांबू घेऊन आला तो बांधावरूनच आला. गाडीतले बांबू उतरवायच्या आधी माझ्यापुढं येऊन उभा राहिला.

"आक्का, तू फोडलास?"

"हो."

"बाबांचा बांध असता तर फोडला असतास?"

"बाबांच्या बांधाखाली कुणाचं शेत नव्हतं, दत्तू. खाली कोरडा ओढा होता."

 ताट वाढलं होतं, त्यावर तो बसलाही नाही.

उन्हं उतरताना तलावाच्या पाळीवर मोहाच्या झाडाखाली माणसं जमली. पूर्वी तुडूम उघडण्याचा हुकूम मालगुजाराचा असे. आता तलाव सरकारचा झाला, पण सरकार काही रोज येऊन दार उघडत नाही, तेव्हा ते काम सोमाभाऊ म्हणून एक म्हातारे शेतकरी, तलाव बांधणाऱ्या कोहळी जातीचे, पाहतात. बायका एका अंगाला उभ्या होत्या. भागरताबाई मात्र पुढं, पुरुषांत, जाळ्याची गाठ सोडवत बसली होती आणि त्याचं कुणाला काही वाटलं नाही.

एक तरुण म्हणाला, "नवीन माणूस हाय, बाहेरचा हाय. समजून घ्या लागते."

"बाहेरचे तं आमीबी हाओ," सोमाभाऊ म्हणाले. "राजाच्या वख्ती आलो. जो तलाव बांधन त्याले खालची जमीन, असं होतं. आमच्या बुढ्यायनं पाळ घातली तवा इथी नुसतं जंगल होतं. बाहेरचा असणं गुन्हा नाई गा. दगड घालणं गुन्हा हाय."

"कापणी आली आता," दुसरा कुणी म्हणाला. "याच्या कापणीले कोण जाईन?"

कुणीच उत्तर दिलं नाही. तिकडं धान एकट्यानं कापता येत नाही. आज तुझ्या शेतात सगळे, उद्या माझ्या. ज्याच्या शेतात कुणी गेलं नाही त्याचं धान उभं झडतं आणि पुढच्या वर्षी रोवणीला, म्हणजे धानाच्या लावणीलाही, कुणी येत नाही. त्या गप्प बसण्यात दत्तूचं घर, अनसूयेचा वाफा, चंद्रीचा भात, सगळं आलं. मला खरं तर मोकळं वाटायला हवं होतं, कारण आईचं काम आपोआप होत होतं. तसं वाटलं नाही.

दत्तू उभा राहिला. त्याला बोलायची सवय नाही.

"आमच्याकडं," तो म्हणाला, "पाणी आपल्या रानातनं जाऊ दिलं तर त्याला येडा म्हंत्यात. माझ्या बापानं मला दुसरं काय शिकवलंच न्हाय. म्या चोरी म्हणून नाही केलं. पाणी जाताना बघितलं की माझ्या पोटात खड्डा पडतो. अजून पडतो."

दोघंचौघं हसले. भागरताबाईनं जाळ्यातून मान वर केली.

"खड्डा माह्याबी पोटात पडते गा. माहा भाताचा हाय."

यावर सगळेच हसले, दत्तूसुद्धा, आणि मग सोमाभाऊंनी सांगितलं. तिकडची रीत अशी आहे की पाणी अडवणाऱ्याला दंड करत नाहीत. त्यानं पाणी पोचवायचं. तुडूम एकदा जास्तीचं उघडलं जाईल, आणि दत्तूनं पाण्याच्या पुढच्या टोकाबरोबर चालत, सगळ्यांत खालच्या बांधीपर्यंत जाऊन, परत येऊन पाळीवर सांगायचं, पोचलं. "अन् पाणी खालच्या दगडाले लागलं का मी तुडूम बंद करीन," ते म्हणाले. "उन्हाळ्यात ढोरायले लागते." तलावात एक खुणेचा दगड आहे. त्याच्याखालचं पाणी जनावरांचं, त्याला माणसाच्या पिकानं हात लावायचा नाही.

पाण्याबरोबर

सकाळी मीही गेले. दत्तू नको म्हणाला नाही.

पाण्याबरोबर चालणं हा अनुभव मी कधी घेतला नव्हता, आणि सांगोल्याच्या माणसाला तो मिळायचा तरी कुठून. तुडमातून निघालेलं पाणी पाटात आलं तेव्हा त्याचं टोक जिभेसारखं होतं, पुढं काटक्या, पालापाचोळा, मळका फेस. ते घाई करत नव्हतं. एखादा खळगा आला की थांबे, तो भरेपर्यंत वाट पाही, मग पुढं सरके. आम्हीही थांबत होतो. भेगांत शिरताना त्याचा बारीक आवाज येतो, तहानेलं जनावर पितं तसा. खेकडे बिळातून बाहेर येत आणि त्यांच्यासाठी बगळे. आमच्या मागं बगळ्यांची वरात लागली होती.

दत्तूच्या बांध्या ओलांडून पाणी भागरताबाईच्या पहिल्या बांधीत उतरलं, मग दुसरीत. बांधाच्या पलीकडचं हे रान दत्तूनं यापूर्वी धडपणे पाहिलंच नव्हतं. तो तिच्या तिसऱ्या बांधीत उतरला, एक कणीस चिमटीत धरून दाबलं आणि बोटाला लागलेलं पांढरं दूध बघत राहिला.

"अजून हाय," तो म्हणाला.

तिसरी बांधी अर्धी भिजली आणि पाणी थांबलं. आम्ही वाट पाहिली. ते खळग्यापाशी थांबतं तसं थांबलं असेल असं वाटलं. पण मागून रेटा येईना. वर पाळीकडं पाहिलं तर सोमाभाऊंनी डोक्याचं पांढरं फडकं हलवलं. पाणी खुणेच्या दगडाला लागलं होतं, तुडूम बंद झालं होतं. चौथी बांधी कोरडीच होती.

भागरताबाई तिथं नव्हती. ती तलावात शिंगाड्याच्या वेलींत होती. पाळीवरून एवढ्या खालचं ओलं-कोरडं काही दिसत नाही. दत्तू परत जाऊन पोचलं म्हणाला असता तर ते खोटं आहे हे फक्त मला कळलं असतं, आणि मी त्याची बहीण.

 दत्तू फावडं खांद्यावर टाकून वर चालू लागला. मला वाटलं, निघाला सांगायला. पण तो आपल्या बांधाशी थांबला. परवा आम्ही दगड काढला होता ते तोंड बांधात जरा उंचावर होतं, त्यामुळे त्याच्या धानाच्या पायाशी घोटाभर पाणी अजून उभं होतं. त्यानं फावड्यानं ते तोंड पार जमिनीपर्यंत खोल केलं. एक बांधी झाली, मग तिच्यावरची.

त्याचं ते पाणी जाताना माझ्या पोटात जे झालं ते मी इथं स्वच्छ लिहिते. पुरे रे, हे शब्द माझ्या तोंडात आले होते. ओठ दाबून मी पुढच्या बांधावर गेले आणि वाटेतला पालापाचोळा हातानं बाजूला करू लागले, म्हणजे हातांना काम राहील.

चौथ्या बांधीत पाणी शिरलं तेव्हा ऊन चढलं होतं. कोपऱ्यापर्यंत पोचेतो दत्तू तिथंच उभा राहिला. मग आम्ही पाळीवर गेलो.

"पोचलं," दत्तू म्हणाला.

सोमाभाऊ खाली बघत होते. सगळ्यांत खालच्या बांधीवर बगळे उतरले होते. मग त्यांची नजर दत्तूच्या बांध्यांकडं गेली. तिथं पाण्याची चमक उरली नव्हती. त्यांनी कंबरेची चंची सोडली, तंबाखू मळली आणि पहिली चिमूट दत्तूच्या हातावर ठेवली.

निघताना

त्यानंतर मी फार दिवस नव्हते. मधे एकदा कार्तिकातला अवेळी पाऊस आला, कुणी न बोलावता. ज्याची वाट दीड महिना पाहिली तो धान पिकत आल्यावर आला. भागरताबाईचं धान कापायला होत होतं, तिला आता बांध्या कोरड्या हव्या होत्या. दत्तूची रोवणी उशिरा झालेली, त्याचं धान मागं होतं, त्याला हे पाणी हवंच होतं. हा मुलूख कुणाला केव्हा काय देईल याचा भरवसा नाही, म्हणूनच तिथली माणसं एकमेकांच्या इतकी हाताशी राहत असावीत.

निघायच्या दिवशी आम्ही जेवायला बसलो होतो. खालून हाक आली. लांबलचक, तलावावरून मारतात तशी.

"दत्तूभाऊ गा, बुजव ना आता. माह्या बांधीत कापाले जाचं का पोहाले?"

दत्तू तोंडात घास असतानाच उठला. "अहो, जेवून जा," अनसूया म्हणाली, तोवर तो अंगणाबाहेर गेला होता. मी दारातून पाहिलं. त्यानं वाकून चिखलाचा एक मोठा गोळा उचलला, तोंडाशी ठेवला आणि पायानं दाबून बसवला. दगड बाजूलाच पडले होते, त्यांना हात लावला नाही. दोघांचं काहीतरी बोलणं झालं आणि तो हसत परत आला. त्याच्या कापणीचे दिवस तिनं धरून ठेवले होते, असं म्हणाला. आधी तिची, मग त्याची.

मी घरी पोचले तेव्हा आई जात्याशी होती. माझ्या मागं कुणी आहे का ते तिनं आधी पाहिलं.

"एकटीच आलीस?"

"एकटीच. तो नाही यायचा. त्याला शेतातून हाका येतात."

"पाण्यासाठी येत असतील."

"पाण्यासाठी येतात, आणि पाणी बंद कर म्हणूनही येतात."

आईला वाटलं मी थट्टा करते. पाणी दे म्हणणारी माणसं तिनं जन्मभर पाहिली होती. बंद कर म्हणणारं माणूस तिच्या ऐकिवात नव्हतं. तिनं जातं थांबवलं.

"मग हाक आली की काय करतो?"

"जेवणावरून उठतो."

"उठू दे," आई म्हणाली. तिनं जात्यात मूठभर ज्वारी टाकली आणि खुंटा फिरवला. "तिकडंच राहू दे त्याला."